न्याहारीची पांढरी ग्रेव्ही : बंदीपेक्षा बदल बरा

रक्तदाब किंवा कोलेस्टेरॉल वाढलेल्या माणसाला दवाखान्यातून मिळणारा सल्ला बहुधा ‘बंद करा’ या दोन शब्दांत संपतो. तेलकट बंद, खारट बंद, लोणचे-पापड बंद. पंधरा दिवस घरात सगळे कडक चालते. मग एखादा सण येतो, पाहुणे येतात किंवा नुसता रविवार येतो आणि बंद केलेला पदार्थ ताटात परत येतो. तो एकटा येत नाही, ‘आपल्याच्याने पथ्य होणार नाही’ ही भावना सोबत घेऊन येते. त्यानंतर अनेकांचे पथ्यही सुटते आणि तपासणीला येणेही.

हे केवळ महाराष्ट्रात घडते असे नाही. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत हीच ओढाताण अनेक वर्षे एका न्याहारीभोवती चालू आहे. तिथला हा पदार्थ म्हणजे ‘बिस्किट्स अँड ग्रेव्ही’. अटलांटा, शार्लट, रॅले, डॅलस या शहरांत आज अनेक मराठी कुटुंबे राहतात आणि मुलांकडे चार-सहा महिने राहायला जाणारे आईवडीलही तिथल्या हॉटेलांच्या न्याहारीत हा पदार्थ पाहतात. तो आवडीने खाणाऱ्यांना ‘बंद करा’ सांगण्यापेक्षा ‘असा करा’ सांगणे वैद्यकीयदृष्ट्या अधिक उपयोगाचे आहे. त्यासाठी पदार्थ मुळात काय आहे, त्यात नेमके काय अपायकारक आहे आणि त्याची चव कशात आहे, या तिन्ही गोष्टी नीट पाहायला हव्यात.

मजुरांचे पोटभरीचे खाणे

नावावरून मराठी वाचकाची गल्लत होऊ शकते. हे बिस्किट चहात बुडवायचे नव्हे. मैदा, लोणी किंवा डुकराची चरबी, ताक किंवा दूध आणि बेकिंग पावडर यांपासून भाजलेला तो मऊसर, खारट पाव असतो. ग्रेव्हीही रश्श्यासारखी लाल नसते. डुकराच्या मांसाचे मसालेदार सॉसेज तव्यावर परतायचे, सुटलेल्या चरबीतच मैदा भाजायचा, त्यात दूध ओतून घट्ट होईपर्यंत शिजवायचे आणि वर भरपूर मिरपूड घालायची. कोल्हापूरच्या पांढऱ्या रश्श्याशी तिचे साम्य फक्त रंगापुरते. करण्याची रीत मात्र पिठल्याच्या जवळची आहे. पीठ, पातळ पदार्थ आणि सतत ढवळणे यांवरच सगळा खेळ, आणि हयगय केली की गुठळ्या ठरलेल्या.

या ग्रेव्हीचे एक जुने नाव ‘सॉमिल ग्रेव्ही’, म्हणजे लाकूड कापण्याच्या गिरणीतली ग्रेव्ही. जंगलतोडीच्या छावण्यांत आणि लाकूड गिरण्यांत दिवसभर अंगमेहनत करणाऱ्या मजुरांना स्वस्तात पोटभर खाऊ घालण्यासाठी ती उपयोगी होती. मैदा थोडा, मांस त्याहून थोडे, दूध जवळचे आणि चरबीचा थेंबही वाया न घालवण्याची गरज. अशा गरिबीतून आणि काटकसरीतून आलेला हा पदार्थ आहे. करवती ओढणाऱ्या माणसाला त्या उष्मांकांची गरज होती. आज तोच पदार्थ खाऊन माणूस गाडीत बसतो, कार्यालयात आठ तास खुर्चीत बसतो आणि गाडीनेच घरी येतो. कष्ट गेले, ताट तेच राहिले.

पक्षाघाताचा पट्टा

उत्तर कॅरोलायना, दक्षिण कॅरोलायना, जॉर्जिया, टेनेसी, अलाबामा, मिसिसिपी, आर्कान्सा आणि लुइझियाना या आठ राज्यांना अमेरिकी वैद्यकविश्वात ‘स्ट्रोक बेल्ट’, म्हणजे पक्षाघाताचा पट्टा म्हणतात. देशाच्या इतर भागांपेक्षा इथे पक्षाघाताने मृत्यू होण्याचे प्रमाण जास्त आहे, हे १९६० च्या दशकापासून लक्षात आलेले आहे. त्याची कारणे शोधण्यासाठी २००३ मध्ये ‘रिगार्ड्स’ हा मोठा अभ्यास सुरू झाला. त्यात ४५ वर्षांवरील ३० हजारांहून अधिक कृष्णवर्णीय आणि श्वेतवर्णीय नागरिकांचा वर्षानुवर्षे मागोवा घेण्यात आला.

या अभ्यासातील आहाराची माहिती तपासताना संशोधकांना खाण्याची एक ठरावीक धाटणी दिसली. तळलेले पदार्थ, प्रक्रिया केलेले मांस, अंडी, वरून घातलेली चरबी आणि साखरेची पेये एकत्र असलेल्या या धाटणीला त्यांनी ‘दक्षिणी आहार’ म्हटले. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार, हा आहार सर्वांत जास्त घेणाऱ्या गटात पक्षाघाताचा धोका सर्वांत कमी घेणाऱ्यांच्या तुलनेत ३९ टक्क्यांनी अधिक होता. २०१५ च्या विश्लेषणात तीव्र हृदयविकाराचा धोका ५६ टक्क्यांनी अधिक आढळला. २०१८ च्या विश्लेषणात तर कृष्णवर्णीय पुरुषांमध्ये श्वेतवर्णीयांपेक्षा रक्तदाबाचे नवे रुग्ण जास्त का आढळतात, यातील सुमारे निम्म्या फरकाचा संबंध याच आहाराशी जुळला.

या आकड्यांचा अर्थ लावताना तारतम्य हवे. हे निरीक्षणावर आधारलेले अभ्यास आहेत. त्यातून संबंध दिसतो, थेट कारण सिद्ध होत नाही. शिवाय ही आकडेवारी एकट्या ग्रेव्हीची नाही, तर सगळ्या आहाराची आहे. गरिबी, धूम्रपान, मधुमेह आणि उपचार मिळण्यातील अडचणी यांचाही वाटा त्यात मोठा आहे. तरीही रोज सकाळी मीठ आणि संपृक्त चरबी यांनी सुरू होणारा दिवस रक्तवाहिन्यांना मानवत नाही, यावर वैद्यकशास्त्रात दुमत नाही.

एका ताटाचा हिशेब

घरगुती पद्धतीने सहा जणांसाठी ग्रेव्ही करताना साधारण ४५० ग्रॅम सॉसेज आणि चार कप साय न काढलेले दूध लागते. सुटलेली सगळी चरबी ग्रेव्हीतच राहते. ढोबळ मानाने माणशी २५ ग्रॅम स्निग्धांश आणि ७५० मिलिग्रॅम सोडियम फक्त ग्रेव्हीतून पोटात जाते. सोबत दोन मध्यम बिस्किटे घेतली तर आणखी सुमारे २० ग्रॅम स्निग्धांश आणि ७०० मिलिग्रॅम सोडियम. म्हणजे एका न्याहारीत साधारण ४५ ग्रॅम स्निग्धांश आणि १,४५० मिलिग्रॅम सोडियम झाले.

जागतिक आरोग्य संघटनेनुसार प्रौढ माणसाने दिवसभरात दोन हजार मिलिग्रॅमपेक्षा कमी सोडियम, म्हणजे पाच ग्रॅमपेक्षा कमी मीठ खावे. त्यातला जवळपास पाऊण वाटा सकाळी नऊच्या आतच संपला. दुपारचे आणि रात्रीचे जेवण अजून बाकीच आहे.

या हिशेबात दोन गोष्टी ठळक दिसतात. पहिली, दूध हा मुख्य आरोपी नाही. साय न काढलेल्या एका कप दुधात साधारण आठ ग्रॅम स्निग्धांश असतो. खरा भार सॉसेजचा आणि त्यातून सुटलेल्या चरबीचा आहे. सॉसेज हे प्रक्रिया केलेल्या मांसात मोडते आणि अशा मांसाला जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ मध्ये कर्करोगकारक गटात टाकले आहे, ही बाब वेगळीच. दुसरी गोष्ट म्हणजे बिस्किटातले मीठ जिभेला फारसे जाणवत नाही. त्यातले बरेचसे सोडियम मिठातून नव्हे, तर बेकिंग पावडर आणि खाण्याच्या सोड्यातून येते. एका छोट्या चमचाभर सोड्यात १,२०० मिलिग्रॅमहून अधिक सोडियम असते. ढोकळा, नानकटाई, हलके व्हावे म्हणून सोडा घातलेली भजी यांनाही हेच लागू पडते. ‘खारट लागत नाही’ म्हणजे ‘सोडियम नाही’ असे नाही.

हलकी ग्रेव्ही कशी जमते

सॉसेज, चरबी आणि मीठ काढून टाकले तर मागे उरेल ती दूध-मैद्याची बेचव खळ. ती कोणी दुसऱ्यांदा खाणार नाही आणि आरोग्यदायी पाककृती इथेच फसतात. म्हणून आधी चव कुठून येते ते पाहावे. अमेरिकी न्याहारीच्या सॉसेजची ओळखीची चव मांसापेक्षा त्यातल्या मसाल्याची आहे. त्यात सेज नावाची सुगंधी पाने, मिरपूड आणि थोडी लाल मिरची असते, अनेकदा थाइमही असते. ही पाने या पदार्थात बाहेरून आणावी लागत नाहीत, ती आधीपासूनच त्यात आहेत. त्यांचे प्रमाण वाढवायचे आणि चरबी-मिठाचे कमी करायचे, एवढाच बदल आहे.

चौघांसाठी साधारण असे प्रमाण धरावे. साय काढलेले, एक टक्का स्निग्धांशाचे दूध अडीच कप, म्हणजे ६०० मिलिलिटर. कणीक किंवा मैदा चार मोठे चमचे. तेल एक मोठा चमचा. बारीक चिरलेला एक कांदा, वाटीभर चिरलेले मशरूम आणि मीठ न लावलेला कोंबडीचा खिमा २०० ग्रॅम. सुके सेज एक छोटा चमचा, थाइम अर्धा छोटा चमचा, जाडसर कुटलेली मिरपूड एक छोटा चमचा, चिमूटभर लाल मिरचीचे तुकडे आणि मीठ पाव छोटा चमचा.

तेलात कांदा आणि मशरूम चांगले तांबूस होईपर्यंत परतावेत. इथे घाई करू नये, कारण सॉसेज नसल्यामुळे कमी पडणारी खमंग चव याच परतण्यातून मिळते. मग खिमा घालून पूर्ण शिजवावा. सेज आणि थाइम आता, तेल गरम असतानाच घालावे. या पानांतला सुवास तेलात विरघळणारा असतो, पाण्यात किंवा साय काढलेल्या दुधात तो तितका उतरत नाही. म्हणूनच तेल अजिबात वगळू नये. एका चमच्यात काम भागते, पण तो चमचा लागतो.

पीठ कोरडे न घालता अर्धा कप थंड दुधात कालवून घ्यावे. जुन्या पद्धतीत चरबीत भाजल्यामुळे पिठाच्या कणांवर स्निग्धतेचे आवरण येते आणि ते एकमेकांना चिकटत नाहीत. चरबी कमी केली की ते काम थंड दुधाकडून करून घ्यावे लागते. थंड दुधात कण आधी वेगळे होतात आणि नंतर उष्णतेने फुगतात. गरम दुधात कोरडे पीठ टाकले तर बाहेरचा थर लगेच शिजतो, आत कोरडे पीठ अडकते आणि गुठळी होते. उरलेले दूध कढईत गरम झाले की हे मिश्रण ढवळत ओतावे आणि मंद आचेवर पाच-सात मिनिटे शिजू द्यावे. घट्टपणा लवकर येतो, पण पिठाचा कच्चा वास जायला वेळ लागतो. साय काढलेले दूध तळाला पटकन लागते, म्हणून चमचा थांबू देऊ नये. मीठ आणि मिरपूड अगदी शेवटी घालावी.

अशा ग्रेव्हीत माणशी सात ते नऊ ग्रॅम स्निग्धांश आणि सुमारे २४० मिलिग्रॅम सोडियम येते. सोबत दोनऐवजी एकच बिस्किट घेतले तर संपूर्ण न्याहारीचे सोडियम १,४५० वरून सहाशेच्या खाली उतरते आणि स्निग्धांश ४५ ग्रॅमवरून २० ग्रॅमच्या आत येतो. सोडियममधल्या या घटीत ग्रेव्हीचा वाटा साठ टक्क्यांच्या आसपास आणि कमी केलेल्या बिस्किटाचा चाळीस. ‘हलकी आहे’ म्हणून दुप्पट वाढून घेतली आणि तिसरे बिस्किट उचलले, तर सगळी मेहनत पाण्यात जाते. मधुमेह असलेल्यांनी बिस्किटाऐवजी कोंड्यासकट गव्हाच्या पावाचा भाजलेला काप आणि सोबत उकडलेले अंडे घ्यावे.

शाकाहारी घरात खिमा वगळून मशरूम दुप्पट करावेत. मुलांकडे गेलेल्या शाकाहारी आईवडिलांनी आणखी एक गोष्ट लक्षात ठेवावी. अमेरिकेत हॉटेलच्या न्याहारीत गरम भांड्यात ठेवलेली पांढरी ग्रेव्ही दिसायला साध्या दुधाच्या सॉससारखी असते. मांसाचे तुकडे दिसले नाहीत तरी तिच्यात डुकराची चरबी असू शकते. विचारल्याशिवाय वाढून घेऊ नये.

ओवा आणि थाइम

सेज, थाइम आणि रोझमेरी ही नावे परकी वाटली तरी ती झाडे तुळस आणि पुदिन्याच्या कुळातली आहेत. थाइमचा सुवास तर मराठी नाकाला चांगलाच ओळखीचा आहे. त्यातला मुख्य सुगंधी घटक थायमॉल हाच ओव्यातलाही मुख्य घटक आहे. थाइम मिळाले नाही तर चिमूटभर ओवा बोटांनी चुरडून घातल्यास चव बरीचशी त्याच वळणावर जाते.

या पानांनी रक्तदाब उतरतो असा दावा मात्र करू नये. पदार्थात पडणाऱ्या चिमूट-दोन चिमटींनी तसे काही होत नाही. त्यांचे काम वेगळे आणि तितकेच मोलाचे आहे. मीठ कमी झाल्यावर जी उणीव जिभेला जाणवते, ती सुवास आणि तिखटपणा भरून काढतात. कमी मिठाची सवय काही आठवड्यांत जिभेला होते आणि नंतर पूर्वीचेच प्रमाण खारट वाटू लागते. ते काही आठवडे निभावून नेण्यासाठी ही पाने उपयोगी पडतात.

फसव्या वाटा

बाजारात ‘लो फॅट’ लिहिलेली ग्रेव्हीची पाकिटे आणि ‘हर्ब’ लिहिलेले मसाले मिळतात. स्निग्धांश कमी केला की चव टिकवण्यासाठी अनेकदा मीठ वाढवले जाते, म्हणून वेष्टनाची मागची बाजू वाचावी. अमेरिकी वेष्टनावर सोडियमपुढे दिवसाच्या गरजेची टक्केवारी छापलेली असते. एका वाढीत पाच टक्के किंवा त्याहून कमी म्हणजे कमी आणि २० टक्के किंवा त्याहून अधिक म्हणजे जास्त, हा तिथल्या अन्न व औषध प्रशासनाचा साधा ठोकताळा आहे. ‘एक वाढ’ म्हणजे किती, हेही तिथेच पाहावे. पुष्कळदा ती प्रत्यक्षात खाल्ली जाते त्यापेक्षा बरीच लहान असते.

दुसरा पर्याय पोटॅशियमयुक्त मिठाचा. चीनमधील ६०० गावांत सुमारे २१ हजार जणांवर झालेल्या आणि २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात, नेहमीच्या मिठाऐवजी २५ टक्के पोटॅशियम क्लोराइड असलेले मीठ वापरणाऱ्या गटात पक्षाघाताचे प्रमाण १४ टक्क्यांनी कमी झाले. उपाय चांगला आहे, पण सर्वांसाठी नाही. मूत्रपिंडाचा आजार असलेल्यांनी, तसेच टेल्मिसार्टन, रामिप्रिल किंवा स्पायरोनोलॅक्टोन यांसारखी औषधे घेणाऱ्यांनी डॉक्टरांना विचारल्याशिवाय असे मीठ वापरू नये. रक्तातले पोटॅशियम धोकादायक पातळीवर जाऊ शकते.

सेजची पाने स्वयंपाकाच्या प्रमाणात सुरक्षित आहेत. त्याचे अर्क किंवा तेल मात्र पोटात घेऊ नये. त्यातील थुजोन हा घटक जास्त प्रमाणात झटके आणू शकतो, त्यामुळे अपस्मार असलेल्यांनी आणि गर्भवतींनी विशेष जपावे. दूध पचत नसलेल्यांनी लॅक्टोजविरहित दूध वापरले तरी ग्रेव्ही तितकीच चांगली घट्ट होते.

पथ्य स्वयंपाकघरात ठरावे

दक्षिण आशियाई वंशाच्या लोकांत हृदयविकार तुलनेने कमी वयात येतो. हा वंश असणे हाच धोका वाढवणारा एक घटक आहे, असे २०१८ च्या अमेरिकी कोलेस्टेरॉल मार्गदर्शक सूचनांत नोंदवले आहे. त्यामुळे तिथे स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबांनी ‘आठवड्यातून एकदाच तर खातो’ म्हणताना उरलेले सहा दिवसही मोजावेत. एका सकाळी ग्रेव्ही, दुसऱ्या दिवशी साबुदाणा वडे आणि तिसऱ्या दिवशी पाकिटातले नूडल्स असतील, तर रक्तवाहिन्यांना सुटीचा दिवस मिळत नाही.

महाराष्ट्रातल्या डॉक्टरांनीही या परदेशी ग्रेव्हीकडून एक गोष्ट घेण्यासारखी आहे. रुग्णाला पदार्थांची काळी यादी देण्याऐवजी त्याच्या आवडीचा एक पदार्थ विचारावा. त्यात मीठ आणि चरबी कुठून येते ते त्याला दाखवावे. चव कशात आहे ते हुडकून तेवढे राखावे. मिसळीच्या तर्रीतले तेल कमी करून तिखटपणा ठेवता येतो, आमटीतले मीठ कमी करून कोकम आणि कोथिंबीर वाढवता येते. घरात स्वयंपाक जो कोणी करतो त्याला या बोलण्यात सामील करून घेतले पाहिजे, कारण औषधाची चिठ्ठी रुग्णाच्या हातात असली तरी मिठाचा डबा बहुतेक वेळा दुसऱ्याच्या हातात असतो. गर्दीच्या बाह्यरुग्ण विभागात यासाठी दहा मिनिटे मिळत नाहीत, ही अडचण खरी आहे. पण आहारतज्ज्ञ किंवा परिचारिका हे काम करू शकतात, आणि एका पदार्थापुरते बोलायला दोन मिनिटेही पुरतात.

पथ्य पंधरा दिवस पाळून रक्तदाब पंधरा दिवसांपुरताच उतरतो. पक्षाघात टाळायचा तर वर्षानुवर्षे टिकणारा बदल हवा, आणि तो ताटातला आवडीचा पदार्थ हिरावून न घेता केला तर टिकण्याची शक्यता जास्त. रक्तदाबाच्या गोळ्या मात्र ग्रेव्ही हलकी झाली म्हणून स्वतःहून कमी करू नयेत. दोन-तीन महिने हा बदल पाळून रक्तदाब मोजावा आणि पुढचे डॉक्टरांशी बोलून ठरवावे.